यजमान वेडे आहेत का?

मला बघायला आले तेव्हा वसंतरावांनी एकच प्रश्न विचारला, "पोहे तुम्हीच केलेत का?" आईनं डोळे वटारले, तरी माझ्या तोंडून "नाही, वहिनीनं" निघून गेलं. हे खूश! पसंती तिथंच सांगून टाकली. अशा माणसाशी संसार करायचा म्हणजे काय, ते पुढं इंदापूरच्या सरकारी क्वार्टरमध्ये कळलं.

हे झाडं लावण्याच्या खात्यात होते. एकदा मंत्री माळावरची झाडं बघायला येणार म्हणून खात्याची तारांबळ उडाली, कारण झाडं फक्त अहवालात होती. मग आदल्या दिवशी कडुलिंबाच्या फांद्या तोडून खड्ड्यांत रोवल्या. घाईत कुणाच्या लक्षात आलं नाही, की गुडघ्याएवढ्या 'रोपांना' लिंबोळ्या लगडल्या आहेत. मंत्री म्हणाले, "वा! काय जमीन आहे!" टाळ्या पडल्या. आमचे हे पुढं झाले, एक फांदी उपटली आणि मंत्र्यांच्या हातात दिली. "साहेब, मुळं बघा."

पेपरात फोटो आला. पाठोपाठ यांनाच नोटीस: आपण रोपांची मुळं का कापलीत?

बभ्रा फार झाला तेव्हा वरच्या साहेबांनी तोड काढली. यजमानांच्या डोक्यावर परिणाम झालाय, असा जबाब पत्नीनं द्यावा. मग आजारपणाची रजा, पगार चालू, क्वार्टर कायम. नाहीतर निलंबन. शेजारणीनं तर लगेच ब्राह्मीचं तेल आणून दिलं. मला मात्र घोर लागला होता. पोरांच्या शाळा चालू होत्या, घर सुटलं तर जायचं कुठं?

पणदऱ्याहून माझे चुलत सासरे, तात्या, समजूत घालायला आले. बशीत चहा ओतत म्हणाले, "सूनबाई, येडा म्हणल्यानं कोण येडं हुतंय व्हय? तुज्या चुलतसासूला मी जल्मभर येडी म्हणतूय. तिला काय झालंय?"

हे शेजारीच शेंगा फोडत बसले होते. "तुला तसं वाटत असेल तर सांग," म्हणाले. "वाटत नसेल तर नको."

चौकशीच्या दिवशी अधिकाऱ्यांनी विचारलं, "बाई, यजमान वेडे आहेत का?"

"आहेत," मी म्हणाले. "पण फांदी कुठली आणि झाड कुठलं, हे त्यांना तुमच्यापेक्षा नीट कळतं."

कारकुनाचं पेन 'आहेत'वरच थांबलं.

"पुढचं लिहा की."

अधिकारी गोड हसले. "एवढ्यात काम भागतंय, बाई. करा सही."

हे कोपऱ्यात बसून होते. पगार, घर, सगळं त्या सहीवर होतं. मी कागद परत सरकवला.

"मग तेही खोडा," मी म्हणाले.

निलंबन झालं. माळेगावला माझ्या माहेरी जायला आम्ही ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत सामान भरत होतो. कपाटाला दोरी आवळता आवळता हे म्हणाले, "तुझं एक चुकलं हं."

"काय?"

"वेडे आहेत, हे खोडायला नको होतंस. ते खरं होतं."

मला इतका राग आला आणि इतकं हसू आलं, की हातातला पिठाचा डबा मी तसाच ट्रॉलीत आदळला.