आवाज कुठं खाली येतो

धम्मपाल गेला तेव्हा अनंतरावांच्या ध्यानात आलं, की आपल्याला त्याच्याबद्दल फारच थोडं ठाऊक होतं. पिंपळे सौदागरच्या सोसायटीत तो त्यांच्या खालच्या मजल्यावर राहायचा, वडील पिंपरीच्या एका कारखान्यात होते, आणि तो सिनेमाच्या शूटिंगसाठी जागा शोधायचा. लग्न का केलं नाही, हेसुद्धा त्यांनी कधी विचारलं नव्हतं. त्याच्याविषयी सांगावं अशी त्यांच्यापाशी एकच गोष्ट होती.

अनंतरावांची सारी नोकरी चिंचवडच्या एका प्रेसशॉपमध्ये झाली. पत्रा ठोकणाऱ्या यंत्रांच्या गदारोळात ओरडूनच बोलावं लागे. निवृत्त झाले तरी तो आवाज काही उतरला नाही. स्वभाव मुलखाचा भिडस्त आणि आवाज हा असा, म्हणून चारचौघांत ते तोंडच उघडत नसत. धम्मपाल मात्र जिन्यात गाठून थट्टा करी. "काका, तुम्हाला मोबाइल कशाला? गॅलरीतनं बोला, हिंजवडीला ऐकू जातंय."

ती गोष्ट घडली त्या वर्षी त्याला पहिल्यांदाच एका भयपटाच्या सगळ्या जागा ठरवायचं काम मिळालं होतं. पण दिग्दर्शिका रश्मीला शेवटच्या प्रसंगाची जागा पसंत पडेना. पडका बंगला नको, बंद दवाखाना नको, राजगुरुनगरच्या पुढची झाडीही नको. "आता एकच दाखव," ती म्हणाली होती. "नाहीतर मी मुंबईचा माणूस बोलावते."

धम्मपालनं अनंतरावांना गाडीत घातलं आणि चाकणच्या बाजूला एका बंद पडलेल्या कंपनीत नेलं. रिकाम्या शेडमध्ये, अंधाऱ्या तळघरात, गंजलेल्या भट्टीपाशी तो त्यांना भलतंच काही विचारत राहिला. पेन्शन वाढली का, गुडघा कसा आहे. अनंतराव खणखणीत उत्तरं देत होते. त्यांच्या आवाजानं कबुतरं उडत होती.

मग ते कँटीनमध्ये आले. लांबच लांब दालन. ओळीनं स्टीलची टेबलं, त्यांनाच जोडलेली स्टुलं, भिंतीशी हात धुवायचे नळ, कोपऱ्यात ताटांची चळत. खिडक्यांतून दुपारचं स्वच्छ ऊन आत आलं होतं.

"काका, आज भाजी काय होती घरी?"

"दोडका," अनंतराव म्हणाले, आणि चपापले. ते चक्क कुजबुजले होते.

धम्मपाल थांबला. "हीच जागा."

"इथं? अरे, लख्ख उजेड आहे."

"मी जागा बघतच नव्हतो, काका. तुम्हाला बघत होतो. माणूस न सांगता आवाज कुठं खाली घेतो, तेवढं बघायचं. तळघरात तुम्ही गुडघ्याचं गाऱ्हाणं ओरडून सांगितलंत."

"पण इथंच का रे?"

"शेडमधून यंत्रंही गेली, तिथं काही उरलं नाही. इथून फक्त माणसं गेली. ताटंसुद्धा जागेवर आहेत. आता सुट्टी होईल नि सगळे आत येतील, असं वाटतं ना?"

अनंतरावांना जेवणाच्या सुट्टीतला गलका आठवला. अंगावर काटा आला. भीतीचा की आणखी कशाचा, ते त्यांना सांगता आलं नसतं.

दुसऱ्या दिवशी धम्मपाल रश्मीला ती जागा दाखवायला निघाला, तेव्हा अनंतराव आपणहून पुन्हा त्याच्याबरोबर गेले. रश्मी फोनवर कुणाला तरी झापतच आली. कँटीनच्या दारातून आत शिरली, तसं तिचं बोलणं हळू होत गेलं, आणि "नंतर करते" म्हणून तिनं फोन ठेवला. धम्मपालनं अनंतरावांकडे पाहून नुसतं आपल्या कानाकडे बोट दाखवलं. ज्या आवाजाची त्यांना जन्मभर लाज वाटली, त्यावर या पोरानं आपलं काम तोललं होतं.

सिनेमा पुरा झाला. हिवाळ्यात धम्मपालला कावीळ झाली, ती हटेना. अनंतराव दवाखान्यात गेले तेव्हा तो उशीला टेकून बसला होता. ते काहीतरी बोलले, पण त्याला ऐकूच आलं नाही.

"काका, नेहमीसारखं बोला ना. हे काय आपलं कँटीन आहे?"

अनंतरावांनी घसा साफ केला. "जेवलास का?"

पलीकडच्या खाटेवरचा माणूस दचकून जागा झाला.

"जेवलो," धम्मपाल हसत म्हणाला. "वरण पांचट होतं."