नंदनवनात आलेला मुराळी

शहागडला हायवे सोडून गोदावरीच्या अंगाला वळलं की उसाची वावरं संपतात आणि एक भलीमोठी कमान लागते. कमानीवर लिहिलंय ‘नंदनवन’. आत हिरवंगार लॉन, झोपाळे, बदकांचं तळं, सशांचा पिंजरा, एक थकलेला घोडा आणि शेणानं सारवलेल्या झोपड्या. झोपड्यांच्या आत एसी आहेत, पण ते फोटोत येत नाहीत. सुट्टीला शहरातली माणसं गाड्या भरभरून येतात, चुलीवरची भाकरी खातात आणि भाकरी थापणाऱ्या बाईला हमखास म्हणतात, "मावशी, तुम्ही तर स्वर्गात राहता."

ही मावशी म्हणजे इंद्रायणी. वय पस्तिशीच्या आतबाहेर. पन्नाशीच्या बायका मावशी म्हणायच्या तेव्हा सुरुवातीला तिला राग यायचा, आता येत नाही. ती हसून म्हणते, "व्हय, स्वर्गच हाय." हे वाक्य मालकांनी तिला शिकवलंय.

मालक भागवतराव वाईट माणूस नव्हे. वाईट असता तर सोपं झालं असतं, चार शिव्या देऊन मोकळं होता आलं असतं. पण हे गृहस्थ तिला ‘ताई’ म्हणतात, ‘आपण सगळे एक कुटुंब’ म्हणतात. तिच्या मुलीला, तृप्तीला, त्यांनीच जालन्याच्या वसतिगृहात घातलंय, तिच्या शाळेचं सगळं तेच बघतात. अशा माणसाशी भांडायचं तरी कोणत्या तोंडानं?

इंद्रायणी आणि तिचा नवरा रामेश्वर, दोघंही मेंढपाळाच्या घरचे. टेंभुर्णीला तिचं माहेर होतं खरं, पण त्या घरात राहणं पावसाळ्यापुरतं. बाकी वर्षभर मेंढरांमागं चालायचं, मिळेल त्या वावरात पाल टाकायचं. उन्हातान्हाचे, शिव्यांचे, उपासाचे दिवस होते ते. कोणी त्यांना स्वर्ग म्हणालं असतं तर तिनं काठीच हाणली असती. पुढं लग्न झालं, पोर झाली, चराईची रानं आवळत गेली. तेव्हा भागवतरावांनी राखणीचं काम देऊ केलं. राहायला खोली, दोन वेळचं जेवण, पोरीची शाळा. अट एकच घातली, तीही हसत हसत, "आधी ती मेंढरं विकून टाका. माझं लॉन खातील." रामेश्वरनं मेंढरं विकली. इथं जमलं नाही तर परत जायला जे होतं, तेच त्या दिवशी टेम्पोत चढून गेलं, हे दोघांनाही तेव्हा समजलं नाही.

सासुरवाशीण माहेरी जाते ती सणाला. आणि सण म्हटला की नंदनवन भरलेलं. नागपंचमीला पाहुणे, दिवाळीला पाहुणे, हुरड्याच्या दिवसांत तर बघायलाच नको. सण नसेल तेव्हा पाहुणे नसतात, पण बदकं, ससे आणि घोडा असतातच, त्यांना काही सुट्टी नसते. एकानं सगळं सांभाळणं होत नाही. त्यामुळं कमानीच्या किल्ल्या रामेश्वरच्या कमरेला असूनही ती दोघं आतच. जी बाई मेंढरांमागं चार-चार जिल्हे तुडवत फिरली, ती आता शहागडच्या बाजारालाही विचारून जाते. पाहुणे येतात, जातात, गाडीची काच खाली करून हात हलवतात. तिला त्या हाताचाही कधी कधी संताप येतो.

तिची आई उषाबाई टेंभुर्णीला धाकट्या भावाजवळ, मच्छिंद्रजवळ राहते; तो अजून मेंढरं राखतो, पण आईपायी गावाभोवतीच. मोतीबिंदूचं ऑपरेशन बिघडलं, तेव्हापासून नजर रोज थोडी थोडी विझत चाललेली. फोनवर तिचं एकच, "बाई, तुझं तोंड दिसून राह्यलं तवर येऊन जा."

यंदाच्या दिवाळीला म्हातारीनं वाट बघणं सोडलं आणि सरळ मच्छिंद्रला मुराळी म्हणून धाडलं. भाऊ न्यायला आला म्हटल्यावर कोण अडवणार? भागवतरावांनीही अडवलं नाही. "जरूर जा, ताई," ते म्हणाले. "फक्त पाडवा-भाऊबीज तेवढी निघू द्या, सगळं बुक आहे." दरवर्षीचंच उत्तर. मच्छिंद्र थांबला.

थांबला आणि रमला. गरम पाण्याचा नळ त्यानं चार वेळा सोडून पाहिला. पाहुण्यांच्या बॅगा उचलल्या, पोरांना घोड्यावर फिरवलं, त्याच्या लाल फेट्यासोबत बायकांनी फोटो काढले. "अक्के," तो म्हणाला, "तू तर इथं राज करून राह्यलीस. आन् फोनवर रडतीस?"

भाऊबीजेच्या सकाळी भागवतराव चुलीपाशी आले. "ताई, याला ठेवूनच घेऊ. हा आणि रामेश्वर इथलं बघतील. तुम्ही खुशाल आठ दिवस माहेरी जाऊन या."

इंद्रायणीच्या हातातली भाकरी तव्यावर वाकडीच पडली. आठ दिवस! तिनं खोलीत जाऊन पिशवी भरली, आईसाठी जपून ठेवलेलं लुगडं वर ठेवलं. आनंद तिच्या पोटात मावत नव्हता. बाहेर आली तर भागवतराव मच्छिंद्रच्या खांद्यावर हात ठेवून हसत हसत सांगत होते, "फक्त ती मेंढरं आधी विकून टाक."

तेच वाक्य, तेच हसणं.

तिनं भावाला सशांच्या पिंजऱ्याआड ओढलं. "मच्छिंद्र, मेंढरं इकू नको. एकदा इकली की संपलं बघ."

"तू इकलीस तवा तुला कोनी आडवलं? आता मजेत हायेस ना?"

"मजेत न्हाई रे."

त्यानं लॉनकडं पाहिलं, झोपाळ्यांकडं पाहिलं. "मंग मरू देऊ का मेंढरांमागं? बिलकुल न्हाई. मी सायबांना हो म्हणून आलोय."

स्वर्गात राहणाऱ्या माणसाच्या रडण्यावर कोण विश्वास ठेवतं? पाहुणे ठेवत नाहीत, तसा भाऊही ठेवीना. वेळ नव्हता, भागवतराव फोनवर टेम्पोवाल्याशी बोलायलासुद्धा लागले होते. इंद्रायणी पदर सारखा करत त्यांच्यासमोर जाऊन उभी राहिली. मच्छिंद्र मागोमाग आला होता. त्याच्या देखत ती म्हणाली, "साहेब, ह्याला ठेवू नका. हा पितो."

ज्यानं जन्मात सुपारीचं खांड तोंडात टाकलं नव्हतं, तो मच्छिंद्र बहिणीकडं बघतच राहिला. भागवतरावांचा चेहरा पडला. बायामाणसांची जागा, पिणारा माणूस त्यांना चालत नसे. "मग राहू दे," ते म्हणाले, "आणि ताई, तुमचं जाणंही पुढं बघू."

मच्छिंद्रनं ओवाळूनही घेतलं नाही. फेटा काखेत मारून चालू लागला. रामेश्वरनं कमान उघडली. बायको असं का बोलली ते त्याला कळलं होतं. तो नुसता किल्ल्यांशी चाळा करत उभा राहिला.

दोन दिवसांनी दुपारी आईचा फोन आला. इंद्रायणी पाहुण्यांच्या पंगतीला वाढत होती. ती फोन घेऊन चुलीआड गेली.

"सख्ख्या भावाला दारुड्या म्हणलीस?" उषाबाई म्हणाली. "त्याचं चांगलं होऊन राह्यलं ते तुला बघवलं न्हाई? स्वर्गात राहून दानत गेली बाई तुझी. ये म्हणून आता मी म्हणनार न्हाई."

खरं कारण सांगितलं असतं तर म्हातारीला झोप लागली नसती, आणि मच्छिंद्र पुन्हा कमानीपाशी येऊन उभा राहिला असता. रडू आलं ते इंद्रायणीनं धुरावर ढकललं.

"माय," ती एवढंच म्हणाली, "मेंढरं हायेत ना?"

"हायेत की. कुठं जातील? मच्छिंद्र सकाळीच घेऊन गेलाय रानात."

"बरं झालं," इंद्रायणी म्हणाली, आणि पंगतीतून कोणीतरी भाकरी मागितली म्हणून फोन ठेवून उठली.