आवळीभोजनाची मालगाडी

माणसांना रानावनातून हिंडवून आणणारे वाटाडे या जगात पुष्कळ होऊन गेले असतील. पण सगळ्यांच्या मागे चालून वाट दाखवणारा वाटाड्या एकच झाला, आणि तो नेमका माझा साडू व्हावा हे माझं नशीब. माझ्या धाकट्या मेव्हणीचे हे यजमान गोंदियाला राहत आणि अरुंद रुळांच्या छोट्या लाइनीवर मालगाडीचे गार्ड होते. अंगाने किडकिडीत, पण कोट असा की त्यात त्यांच्यासारखे आणखी एक गृहस्थ सहज मावले असते. त्यांच्याविषयी माझं मन कधीच स्वच्छ नव्हतं. सरळच सांगतो, मी त्यांच्यावर जळत असे. पैशावरून नाही, आणि रूपावरून तर मुळीच नाही. त्या बाबतीत देव आम्हा दोघांनाही सारखाच विसरला होता. मी जळत असे ते माझ्या बायकोच्या हसण्यावरून. घरी ती पदराआड ओठ दाबून हसे, तेही तिचे सासूसासरे समोर नसताना. वर्षातून एक दिवस मात्र मान मागे टाकून खळखळून हसे, आणि तो दिवस साडूंचा असे. काय ऐकून ती अशी हसते, तेवढं मला कळायला हवं होतं, आणि तेवढंच मला वर्षानुवर्षं कळलं नाही.

आमचं गाव तलावाचं. तलाव बांधणाऱ्या आमच्या कोहळी समाजाच्या पूर्वजांनी दोन डोंगरांमधली खिंड मातीच्या पाळीने बांधली, आणि पाणी असं पसरलं की दोन टेकड्या झाडाझुडपांसकट पाण्याच्या मधोमध राहिल्या. मोठ्या टेकडीवर आवळ्याची जुनी झाडं आहेत. कार्तिकात आमच्या घरची माणसं, सासुरवाडीची माणसं, शेजारपाजार असे सगळे डोंग्यांतून तिथे जायचे, आवळ्याची पूजा करायचे, झाडाखाली जेवायचे आणि हात धुऊन परत यायचे. मधे कोणी पाय मोकळे केलेच तर ते आडोसा शोधण्यापुरते. साडू लग्नानंतर पहिल्यांदा आले, तेव्हा लाखोरीच्या डाळीचे वडे पोटभर खाऊन त्यांनी मिश्या पुसल्या आणि विचारलं, "झालं? येवढंच? मंग बाकीची लाइन कोण पाहन?"

बाकीची लाइन म्हणजे टेकडीवरचं रान, तिथून डोंग्याने धाकटी टेकडी, तिथलं रान, पुन्हा डोंगा, आणि पलीकडच्या काठाला डोंगरातून तलावात उड्या घेत उतरणारा धबधबा. ही सगळी वाट त्यांना मी सांगितली होती. लहानपणापासून मी तिथे हिंडलेला. कुठे दगड निसटतो, कुठे अस्वल मोहाखाली येतं, कुठून चढलं की दम लागत नाही, सगळं मला तळहातासारखं पाठ. पण पुढच्या वर्षापासून त्या वाटेला सगळा गाव 'गार्डसायबाची लाइन' म्हणू लागला. माझे पूर्वज ज्या पाण्यासाठी माती वाहून वाकले, ते पाणी गोंदियाच्या एका माणसाच्या नावावर चढलं, आणि तेही एका जेवणात!

त्यांची पद्धत अशी. गाडी पुढून इंजिन ओढतं. पण ती चालवतो गार्ड, आणि गार्डाची जागा शेवटच्या डब्यात, हे त्यांचं तत्त्वज्ञान होतं. तेव्हा ते सगळ्यांच्या मागे चालत. पुढे इंजिन म्हणून कोणीतरी हवं, ते मी. त्यांच्या एका खिशात शिट्टी आणि दुसऱ्यात हिरवी नि तांबडी झेंडी. निघताना ते अशी शिट्टी फुंकत की तलावावरचं झाडून सगळं पाखरू उठे. मग हिरवी झेंडी हलवून ओरडत, "चलो साडभाऊ, लाइन किलियर!" आमच्या सासूबाईंना तर या झेंडीची अशी सवय लागली की ती दिसल्याशिवाय त्या पाऊल उचलायला तयार नसत. सहल संपून घरी आल्यावर ओसरीवरून आत यायलाही त्या थोडा वेळ थांबत, असं मी सांगितलं तर माझ्या बायकोला राग येईल, पण थांबत.

डबे जोडण्याचाही त्यांचा नियम होता. भरलेले डबे इंजिनाजवळ, रिकामे मागे. सासूबाई वजनाने भरलेल्या, तेव्हा त्या माझ्या पाठीमागे. माझी बायको हलकी, ती पार शेवटी, गार्डाच्या डब्याला लागून. दिवसभर माझ्या कानांवर काय पडे? तर सासूबाईंचा श्वास आणि त्यांच्या गुडघ्यांचं गाऱ्हाणं. मला एकूणएक झाड ठाऊक. मी मागे वळून मोठ्या हौसेने सांगे, "आई, हा धावडा." त्या म्हणत, "असन बापा." थोडं पुढे गेल्यावर सांगे, "हा बिजा. याच्या लाकडाच्या पेल्यात पाणी ठेवलं तर निळं दिसतं." त्या म्हणत, "असन बापा. बसाले कुठी जागा आहे का?" तिकडे मागे साडूंना कोणी झाडाचं नाव विचारलं तर ते बेधडक सांगत, "आपल्याच वळखीचं आहे." त्यांना आंबा आणि चिंच सोडून एकही झाड ओळखता येत नव्हतं, आणि त्यामुळे कोणाचं काही बिघडतही नव्हतं, याचा मला फार त्रास होई.

आणि मग मागून हसण्याची लाट येई. आधी दोनचार माणसं, मग सगळी, आणि सगळ्यांच्या वर माझ्या बायकोचा आवाज. मी तोंडावरची कोळिष्टकं काढत, काटेरी फांदी हाताने धरून सासूबाईंना वाट करून देत असे. फांदी सोडून मागे जाऊन "काय झालं?" म्हणून विचारीपर्यंत सगळे गप्प झालेले असत. साडू भोळेपणाने म्हणत, "काही नाही जी. इंजिन काऊन थांबलं?" की पुन्हा हशा. मी आपला पुढे.

धबधब्याजवळ पोचलो की साडू तांबडी झेंडी दाखवत. तिथे बोलायचं नाही, खायचं नाही, सगळ्यांनी खडकांवर बसून पाण्याकडे पाहायचं. ते स्वतः मात्र धबधब्याकडे पाठ करून बसत आणि आमच्या तोंडांकडे पाहत राहत. आमच्या गावची माणसं हे पाणी जन्मापासून ऐकत आलेली. पण झेंडी दाखवल्यावर त्यांनाही ते नवंच वाटू लागे. देवरीकडचा माझा एक मावसभाऊ एवढ्यासाठी बैलगाडीने मुक्काम करत आला होता. तोंडावर तुषार घेत बसलेली ती माणसं देवळात बसल्यासारखी दिसत. एकदा मी न राहवून साडूंना हळूच म्हणालो, "अहो साडभाऊ, एवढे आलात तर धबधबा तरी पाहा." ते तितक्याच हळू म्हणाले, "धबधबा काय, तो उद्या बी पडन. तुमची सासू येवढी चूप पुन्हा कवा भेटन?"

हे मला आवडलं, आणि आवडलं म्हणून जास्तच राग आला. असं काही मला का सुचत नाही, हाच विचार मी परतीच्या डोंग्यात करत राहिलो. घरी आल्यावर बायकोने तलावातले उकडलेले शिंगाडे आधी त्यांच्या पुढ्यात ठेवले. वरचे, मोठे मोठे. तळातले मला.

एका वर्षी मी हट्टच धरला. आवळ्याखालचं जेवण झालं, डबे जोडून झाले, साडूंनी शिट्टी तोंडाला लावली, तेवढ्यात मी म्हणालो, "आज मी मागून येतो. तुम्ही पुढे व्हा."

साडूंचा चेहरा उतरला. मग शिट्टी आणि दोन्ही झेंड्या माझ्या हातात ठेवून पुढे गेले. मला वाटलं, जिंकलो. मी शिट्टी फुंकली. पाखरं उठली नाहीत. एक बगळा उठला, तोही दुसऱ्या कामासाठी असावा. गाडी चालू लागली. मागच्या डब्यांतली सगळी माणसं माझ्याकडे आशेने पाहू लागली. आता काहीतरी बोलायला हवं. मी घसा साफ केला आणि म्हणालो, "हा ऐन." कोणीतरी म्हणालं, "हो." त्यानंतर बराच वेळ फक्त पाचोळा वाजत राहिला.

मी बायकोला गाठलं आणि दबक्या आवाजात विचारलं, "ते मागे चालताना सांगतात तरी काय तुम्हाला, एवढं हसायला?"

ती पदर सावरत म्हणाली, "तुमचंच सांगतेत जी."

"माझं? माझं काय?"

"तुम्ही वढ्यावर पाणी पेले, का म्हणतेत, इंजिन पाणी घेऊन राहिलं. तुम्ही शिंकले, का वाफ सोडून राहिलं. अस्वलाची चाहूल घ्याले तुम्ही हुभे राहिले, का सिंगल नाही भेटला." आणि मग तिलाच आठवून हसू आलं. "तुम्ही जाता जाता हरेक झाडाले हात लावता ना जी, तं ते म्हणतेत, पाहा पाहा, साडभाऊ झाडाले इचारून राहिले, माह्या सासूले घेऊन येऊ का इकून?"

माझ्या कानशिलापर्यंत रक्त चढलं. म्हणजे इतकी वर्षं हा माणूस माझ्या पाठीवर माणसांना हसवत होता! मी हातातली तांबडी झेंडी गाडीला दाखवणार, एवढ्यात ती म्हणाली, "राग काऊन करता? तुम्ही झाडाइले हात लावता, हे मले कुठी मालूम होतं? इतकी वर्सं संसार केला. त्याइनं दाखवलं म्हणून म्या पाहलं." आणि माझ्याकडे न पाहता, "चांगले दिसता तुम्ही समोर चालताना."

तेवढ्यात गाडी थांबली. सगळ्यांत पुढून सासूबाईंचा आवाज आला, "अवं माय! इथं तं आपूनच जेवलो!" खरंच होतं. साडूंनी आम्हाला टेकडीला पुरता वळसा घालून आमच्याच उष्ट्या पत्रावळींपाशी आणून सोडलं होतं. ते आवळ्याच्या बुंध्याशी कोटाचं बटण चाळवत उभे होते. मला पाहून म्हणाले, "साडभाऊ, समोर चालाले लागलं का मागं माणसं आहेत का नाही, काही समजतच नाही जी. मी सारखा मागंच पाहून राहिलो." असं अवघडलेलं मी त्यांना कधी पाहिलं नव्हतं. मी झेंड्या आणि शिट्टी परत केली आणि मुकाट्याने पुढे जाऊन उभा राहिलो.

थोड्या वेळाने मागे हशा सुरू झाला. आता तो कशाचा हे मला ठाऊक होतं. हेवा काही गेला नाही. माझ्याच पाठीवरून माझ्या बायकोला हसवण्याची हुन्नर त्यांच्याकडे होती, माझ्याकडे नव्हती. पण खोटं कशाला बोलू, त्यानंतरच्या वर्षी मी एका ऐनाजवळ जरुरीपेक्षा थोडा जास्त थांबलो, आणि झाडाला हात लावून मान डोलावली. मागे अशी काही लाट उसळली की सासूबाईसुद्धा दम लागेस्तोवर हसल्या.

मग तिकडे जगात मोठी लढाई सुरू झाली. गाड्या वाढल्या, त्या चालवणारी माणसं तेवढीच. साडूंना घरी पाठ टेकायला सवड मिळेना. एका कार्तिकात ते आले नाहीत, नुसता निरोप आला. पुढच्या पावसाळ्यात हिवतापाने त्यांना गाठलं. मी आणि बायको छोट्या लाइनीने गोंदियाला पोचलो, तेव्हा अंगणात माणसं बसली होती. तिरडीच्या मागे चालताना मला सारखं वाटत होतं, या माणसाला सगळ्यांच्या पुढे नेताहेत, त्याला हे आवडायचं नाही.

त्या वर्षी आवळीभोजनाला आम्ही गेलो ते मेव्हणीने आग्रह केला म्हणून. स्वतः ती आली नाही. सासूबाईंचे पायही आता डोंग्यात चढत नव्हते. जेवण झालं. कोणी उठेना, आणि कोणी परतही जाऊ म्हणेना. शेवटी मी उठून चालू लागलो, तेव्हा माझ्या मागे एकेक करून सगळे आले. मी झाडांना हात लावत होतो. मागे नुसता पाचोळा वाजत होता. इतकी वर्षं जिचा मी मनातून तिरस्कार केला ती लाट आता येणार नव्हती, आणि तिच्यावाचून ते रान मला सोसवेना.

अर्ध्या वाटेवर बायको पुढे आली. सासूबाई चालत त्या जागी, माझ्या अगदी पाठीशी. मग ती म्हणाली, "अजी, बोला ना काही."

"काय बोलू?"

"त्याइचं सांगा."

मला काय सांगता येणार? मी त्यांच्या मागून एकदाच चाललो होतो. म्हटलं, तेच सांगावं. थोडं पाहिलेलं, थोडं मनाचं असं मी सांगू लागलो, की त्या दिवशी साडू पुढे चालत होते ते अर्धे उलटेच. एक पाऊल पुढे की तोंड मागे. एका ऐनावर आदळले, तर कोटाचा गळा सारखा करून त्या झाडाला म्हणाले, "माफ करा साडभाऊ, तुम्ही मधात काऊन आले?"

ती हसली. मान मागे टाकून, खळखळून, मी लग्नापासून ज्याची वाट पाहिली तसं, आणि अगदी माझ्या खांद्याशी. तिच्या मागचे दोघेतिघे "काय झालं, काय झालं?" करत जवळ आले. माझ्या बोलण्यावर माझी बायको हसली होती, आणि तेवढ्यातही तो माणूस होताच. मेल्यावरही मला एकट्याला म्हणून काही मिळू देईना. मला त्याचा भयंकर हेवा वाटला आणि डोळे भरून आले, दोन्ही एकदमच. वाट दिसेना म्हणून मी उभा राहिलो.

"थांबले काऊन?" ती म्हणाली. "सांगा ना पुढं."

मी सांगू लागलो.