चिखलाखालचं गाव

द्वारका चौकाजवळ इमारतीचा पाया खणत होते. ओल्या गाळाचा वास आला आणि मला शेजारच्या सुमनमावशी आठवल्या.

पंच्याऐंशी सालची थंडी होती. दूरदेशी ज्वालामुखी फुटून डोंगरावरचं बर्फ वितळलं आणि चिखलाच्या लोंढ्यानं अख्खं गाव गाडलं. मी तेव्हा कॉलेजात होते. ओट्यावर बसून मावशींना बातमी वाचून दाखवत होते. दोन वर्षांपूर्वी पावसात भिंत कोसळून त्यांची मुलगी कविता गेली होती. तिच्याविषयी त्या कधी बोलत नसत.

पेपरातल्या फोटोत एक बाई हातांनी चिखल उकरत होती.

"तिला सापडलं का गं कुणी?" मावशींनी विचारलं.

"ते दिलेलं नाही, मावशी."

"मला माझी कविता सापडली तरी. केसांत सगळी माती होती. मी धुतले, वेणी घातली."

मग दिवेलागणीपर्यंत त्या कविताविषयीच बोलत राहिल्या, मध्येच हसल्यासुद्धा. आज वाटतं, त्या परक्या बाईनंच मावशींना बोलतं केलं.

त्यानंतर विहारात त्यांनी दोन मेणबत्त्या लावल्या. दुसरी कुणाची, असं आईनं विचारलं.

"तिकडच्या पोरांची," मावशी म्हणाल्या. "त्यांच्यासाठी लावायलाही तिथं कुणी उरलं नसेल."