सुट्टीतले मासे

माझ्या आत्याला शाळेत कुणी नावाने हाक मारत नसे. प्रयोगशाळेतल्या बरण्यांमधले बेडूक, साप आणि विंचू ती जिवापाड जपायची, म्हणून पोरांनी तिला 'बरणीबाई' करून टाकलं होतं. "बरणीतली बाई तर नाही ना म्हणत?" असं म्हणून ती हसायची.

ती तिथे परिचर होती. परीक्षानळ्या धुवायच्या, आम्लाच्या बाटल्या पुसायच्या आणि खिडकीपाशी ठेवलेल्या काचेच्या टाकीतल्या माशांना खायला घालायचं, ही तिची कामं. सुरुवातीची बरीच वर्षं शाळेने एक शक्कल लढवली होती. मोठी सुट्टी लागली की तिला कामावरून कमी करायचं आणि शाळा उघडली की पुन्हा घ्यायचं. आत्याला वाटायचं, कागदावरची रीत असेल. निवृत्त झाल्यावर तीच रीत अंगाशी आली. दर सुट्टीला सेवेत खंड पडला, म्हणून ती वर्षं धरता येत नाहीत, आणि उरलेली नोकरी पेन्शनला पुरत नाही, असं शाळेने कळवलं. थोडक्यात, पेन्शन मिळणार नाही.

"ताई, सोडून दे," बाबा म्हणाले. "ते संस्थाचालक. आपण कोण?"

"तेच विचारायला चाललेय," आत्या म्हणाली आणि वकील शोधायला बाहेर पडली.

कोर्टाच्या तारखांना मी तिच्यासोबत जायचे. शाळेने साक्षीला जीवशास्त्राच्या सरांना आणलं. प्रयोगशाळा वर्षानुवर्षं त्यांच्याच ताब्यात होती. सर पिंजऱ्याकडे निघाले तशी आत्या आमच्या वकीलबाईंच्या कानाला लागली. "त्यांना माशांचं विचारा. माझ्याबद्दल खोटं बोलतील, माशांबद्दल नाही बोलणार."

शाळेच्या वकिलांनी विचारलं, "सुट्टीत प्रयोगशाळा बंद असायची?"

"बंद."

"या बाईंना काही काम?"

"काहीच नाही. त्या नसायच्याच."

आमच्या वकीलबाई उठल्या. "सर, मग टाकीतले मासे दर सुट्टीत मरत असतील."

सरांचे कान लाल झाले. "मरतील कसे? माझ्या टाकीतला एकही मासा कधी सुट्टीत मेलेला नाही! तपासणीला आलेले साहेब बघत राहायचे."

"वा! एवढी काळजी कोण घ्यायचं?"

"मी सक्त ताकीद देऊन जायचो. रोज यायचं, खायला घालायचं, पाणी बदलायचं. एक दिवस जरी चुकली असती ना ही, तर मी..."

शाळेच्या वकिलांनी पेनाला टोपण लावलं. न्यायाधीशांनी मात्र लिहायला घेतलं.

बाहेर व्हरांड्यात संस्थेचे सचिव आत्याला गाठायला आले. आवाजात एकदम साखर. "बाई, घरातलं भांडण घरात मिटवू या. एकरकमी काहीतरी घ्या, केस मागे घ्या. छानसा निरोपसमारंभ करू."

"निरोप तुम्ही मला दर सुट्टीला दिलाय, साहेब. आता पुरे झाले."

"अहो, या वयात कोर्टाच्या पायऱ्या..."

"वय माझं आहे आणि ती वर्षंही माझीच आहेत. दान म्हणून एक छदाम नको. पेन्शन म्हणून द्या, दोन्ही हातांनी घेईन."

सचिव खांदे उडवून गेले. मागे सर उभे होते, घुश्शात. "बाई, तुम्ही मला गोत्यात आणलंत."

"गोत्यात कुठे, सर? इतक्या वर्षांत आज पहिल्यांदा तुम्ही माझी सुट्टीतली हजेरी लावलीत." मग तिने विचारलं, "मासे कसे आहेत?"

सरांनी मान खाली घातली. "टाकी काढली. बघायला कुणी नव्हतं."



निकाल आमच्या बाजूने लागला. सुट्ट्यांसकट सगळी नोकरी सलग धरावी आणि पेन्शन सुरू करावी. शाळा लगेच वरच्या कोर्टात गेली. बातमी ऐकून बाबांनी कपाळाला हात लावला. "झालं! पुन्हा पहिल्यापासून."

आत्या पिशवी घेऊन दारात उभी होती.

"आता कुठे निघालीस, ताई?"

"चपला घ्यायला. वरच्या कोर्टाला जिने जास्त असतात म्हणे. या जुन्या घसरतात."