सहा गुंठे आणि एकच गिऱ्हाईक

परवा रविवारी दुपारी आमच्या टिटवाळ्याच्या भाड्याच्या खोलीत तांदळाचं पोतं येऊन पडलं. खडवलीहून, टेम्पोतून. पाठवणाऱ्याचं नाव ऐकलं आणि बाबांच्या, म्हणजे माझ्या सासऱ्यांच्या, हातातला पेपर तसाच राहिला...

आधीचं थोडं सांगायला हवं. मागच्या वर्षापर्यंत आम्ही डोंबिवलीत स्वतःच्या फ्लॅटमध्ये राहत होतो. निदान आम्हाला तरी तो स्वतःचा वाटत होता. रजिस्ट्रेशन झालेलं, बँकेने लोन दिलेलं, वास्तुशांतीला पाहुणे पोटभर जेवून गेलेले.

मग एक दिवस गेटवर नोटीस लागली. बिल्डिंग अनधिकृत आहे, बिल्डरने परवानगीचे कागद बनावट जोडलेत, घरं रिकामी करा. बिल्डरचा फोन तेव्हापासून बंद आहे.

तेव्हा बाबाच म्हणाले, "खडवलीची जमीन काढू." सहा गुंठे भातशेती. वाटण्या होत होत त्यांच्या वाट्याला एवढीच आली होती, पण जीव सगळा तिथे. ते "काढू" म्हणाले तेव्हा मला कसंतरीच झालं.

गिऱ्हाईकही लगेच मिळालं. माझा नवरा संदीप, त्याच्या ऑफिसातलेच एक जण. स्वतः शेतकरी घरातले, भावही चांगला देत होते... पण रजिस्ट्रेशनला गेल्यावर कळलं की हा व्यवहार होणारच नाही.

शेतजमिनीचे बारीक तुकडे पडू नयेत, ते एकत्र यावेत, म्हणून तुकडेबंदीचा कायदा आहे. एवढासा तुकडा विकायचा तर फक्त लगतच्या शेतकऱ्याला. शहराच्या हद्दीत आता सूट मिळालीय म्हणे, पण आमचं शेत हद्दीबाहेर.

मला तिथल्या बाकावर हसूच फुटलं. जी बिल्डिंग मुळात उभीच राहायला नको होती, तिच्यातला फ्लॅट आम्हाला आरामात विकला गेला. आणि जी जमीन खरोखर आमची, ती विकता येईना.

आता लगतचा म्हणजे कोण? एका बाजूला ओढा, एका बाजूला रस्ता आणि उरलेल्या दोन्ही बाजूंना नामदेवकाका. त्यांचं आणि बाबांचं बांधावरून उभं वैर. दरवर्षी नांगरताना ते बांध थोडा थोडा कोरतात आणि आपलं शेत पुढे सरकवतात, असं बाबांचं म्हणणं. माझ्या लग्नाच्या आधीपासून बाबांनी त्या घरचं पाणीसुद्धा तोंडाला लावलेलं नव्हतं.

पहिल्यांदा मी आणि संदीप गेलो. काका ओटीवर बसले होते, आमच्याकडे धड बघितलंही नाही. "जमीन त्याची हाय ना? मंग त्यालाच येऊ दे."

बाबा म्हणाले, मरेन, पण त्याच्या दारात जाणार नाही. मग आमच्या बिल्डिंगचं पाणी तोडलं. मी बादल्या घेऊन जिना चढताना बाबांनी बघितलं. दुसऱ्या दिवशी धुतलेला शर्ट घालून खडवलीला निघाले, आम्ही दोघं त्यांच्यामागे.

काकांनी त्यांना अंगणात उभंच ठेवलं आणि भाव सांगितला. गिऱ्हाईक एकच असलं की घासाघीस कसली... ऑफिसातल्या माणसाने देऊ केलेल्याच्या निम्माही नव्हता. बाबांनी मान हलवली. मला त्या माणसाची इतकी चीड आली की दात आवळून उभी राहिले.

मग काका आत जाऊन स्वतः तांब्या घेऊन आले. "पानी पी रे." बाबा म्हणाले, "नको."

व्यवहार झाला. त्यातून या खोलीचं डिपॉझिट आणि पाडलेल्या फ्लॅटच्या लोनचे थोडे हप्ते निघाले. हो, फ्लॅट गेला तरी हप्ते चालू असतात. बिल्डिंग पाडली त्या दिवशी बघायला आमच्या घरातलं कुणीच गेलं नाही.

पावसाळ्याआधी बाबा एकटेच शेतावर जाऊन आले. त्या दिवशी जेवले नाहीत. "बांधच काढून टाकलाय गं. आपलं कुठून सुरू व्हायचं, तेच कळेना." कायद्याला हेच हवं होतं, आणि कागदावर ते बरोबरही असेल. पण ज्या बांधासाठी हा माणूस आयुष्यभर भांडला, तो जेसीबीने एका सकाळीत गेला.

तर परवा ते पोतं आलं, आणि मागोमाग नामदेवकाकांचा फोन. बाबा हातात घेईनात, म्हणून मी स्पीकरवर टाकला.

"नवा तांदूळ हाय. तुमचा कंचा नि माझा कंचा, आता मलापन कळत नाय. सगला एकच झालाय. खावा." मग म्हणाले, "बांध मीच कोरायचो. सांग त्याला."

फोन ठेवला. मला वाटलं, आता बाबा पोतं परत पाठवायला सांगणार. पण संध्याकाळी मी कुकर लावायला घेतला तेव्हा म्हणाले, "भात त्यातलाच लाव."

वरणभात आणि लोणच्याची फोड. पहिला घास त्यांनी कितीतरी वेळ तोंडात घोळवला. डोळ्यांतून पाणी येत होतं आणि ते पुसायचीही तसदी त्यांनी घेतली नाही. मग संदीपला म्हणाले, "नाम्याला फोन लाव. म्हणावं, मीपण कोरायचो."

बांध होता तोवर दोघांपैकी कुणीच हे कबूल केलं नसतं. जमिनीच्या त्या भावाबद्दलचा राग माझ्या मनातून गेलेला नाही, जाईलसं वाटतही नाही. तांदूळ मात्र गोड आहे, काका...