कोणाकडून, कोणाला, कशाप्रीत्यर्थ

आमच्या मीरा रोडच्या पूनम सागर इमारतीत तळमजल्यावर राहणारे गुणवंतराव रेवाळे भाईंदर पूर्वेला स्टीलच्या भांड्यांवर नावं घालतात. एवढंच लिहून मी थांबलो, तर ते माझ्याशी महिनाभर बोलणार नाहीत. त्यांच्या मते भांडी कुणीही करतो. भाईंदरच्या गाळ्यागाळ्यांतून रोज हजारो वाट्या बाहेर पडतात. पण नाव पडेपर्यंत वाटी ही वाटी नसतेच. "तोवर तो नुसता पत्रा हो," ते म्हणतात. "कुणाचाही आणि कुणाचाच नाही."

सत्याऐंशी साली ते गिरगावातून मीरा रोडला आले आणि आठवडाभरात त्यांनी भाईंदरच्या 'हंसा मेटल' या दुकानाचा ओटा धरला. दुकानाच्या मालकीण हंसाबेन. कागद नाही, सही नाही. ओटा हंसाबेनचा, स्टूल गुणवंतरावांचं, आणि दुकानातल्या प्लगमधून शटरखालून बाहेर आलेली एक काळी वायर दोघांच्या विश्वासावर चालणारी. त्या वायरीला पेनासारखं मशीन जोडलं, की ते टर्रर्र करत भांड्यावर ठिपक्या-ठिपक्यांनी अक्षर काढायचं. वायर तुटली तर गुणवंतराव म्हणजे स्टुलावर बसलेले एक चष्मेवाले गृहस्थ, बाकी काही नाही.

मशीन सुरू करण्याआधी त्यांचे चार प्रश्न ठरलेले. कोणाकडून? कोणाला? कशाप्रीत्यर्थ? तारीख काय? या चारांची उत्तरं मिळाल्याशिवाय ते चमच्यालासुद्धा हात लावत नसत. एकदा एका ऑफिसातले दोघे प्रेशर कुकर घेऊन आले.

"कशाप्रीत्यर्थ?"

"साहेबांची बदली झाली."

"ते समजलं. पण दुःखाने देताय की आनंदाने?"

"त्याने काय फरक पडतो?"

"आनंदाने देत असाल तर अक्षर जरा मोठं काढतो."

कुकरवर एवढं मोठं अक्षर मी पुन्हा पाहिलं नाही.

त्यांची दुसरी विद्या जास्त धोक्याची होती. आहेरात आलेलं भांडं बफिंगवाल्याकडून घासून घ्यायचं, जुनं नाव घालवायचं आणि तेच पुढच्या लग्नात द्यायचं, हा प्रकार कुणाच्या घरात होत नाही? पण घासलेलं नाव गुणवंतरावांना वाचता येत असे. भांडं उजेडाकडे तिरपं धरायचं, त्यावर तोंडाची वाफ सोडायची, आणि क्षणभर जुनी अक्षरं वर येत. मीरा रोड ते भाईंदर कुणाचा आहेर कुणाच्या घरातून फिरून आलाय याचा सगळा इतिहास त्यांच्या डोक्यात होता, पण तोंडातून कधी बाहेर पडला नाही. माझ्या बायकोने, संपदाने, एक परात अशीच पुढे सरकवली होती. ती चार वर्षांनी आमच्याच मुलीच्या बारशाला परत आली. गुणवंतरावांनी परातीवर वाफ सोडली, माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाले, "छान आहे. ओळखीची वाटते." बस्स. याला म्हणतात गुप्तता.

शहाण्णव सालच्या जानेवारीत मी त्यांना रोज सकाळी पेपर वाचून दाखवायचो, कारण त्यांचा चष्मा भांड्यांसाठी राखीव होता. आदल्या डिसेंबरात बंगालमध्ये पुरुलियाला विमानातून गावांवर बंदुका पडल्या होत्या आणि पेपरात त्यावर रकानेच्या रकाने भरत होते. आमच्या मुंबईत त्र्याण्णवला स्फोट झाले तेव्हापासून असल्या बातम्या लांबच्या वाटत नव्हत्या. एका लेखात लिहिलं होतं, की जगात शस्त्रं विकायची तर शेवटी ती कोण वापरणार याचा दाखला लागतो. पण तो दाखला खोटा करून मिळतो. एका देशाचं नाव लिहायचं आणि माल भलत्याच देशात उतरवायचा.

गुणवंतराव चहा प्यायचे थांबले. "म्हणजे आमचाच धंदा की हो! कोणाकडून, कोणाला. फक्त खोटं नाव घालतात."

"जवळजवळ तसंच."

"आणि लोक घालून देतात?"

"देतात ना. मोठमोठे देश कानाडोळा करतात."

"शी!" ते म्हणाले. युद्धात किती माणसं मेली याच्या बातम्या त्यांनी माझ्या तोंडून शांतपणे ऐकल्या होत्या. पण कुणीतरी वस्तूवर जाणूनबुजून चुकीचं नाव घालतं, हे ऐकून ते पुढे दोन दिवस नीट जेवले नाहीत, असं त्यांच्या पत्नी मनोरमावहिनी सांगत.

आता तो प्रसंग. तो मी गुणवंतरावांकडून बावीस वेळा आणि हंसाबेनच्या पुतण्याकडून, म्हणजे हितेशकडून, एकदा ऐकलाय. दोघांच्या सांगण्यात जेवढं जुळतं तेवढंच सांगतो.

मार्चमध्ये हंसाबेन मुलीच्या बाळंतपणाला राजकोटला गेल्या आणि दुकान हितेशकडे आलं. हितेश सव्वीस वर्षांचा, उत्साही, दुकानाला 'एक्स्पोर्ट'चा बोर्ड लावायची स्वप्नं बघणारा. एका दुपारी त्याने सफारी घातलेल्या एका माणसाला आणलं. सोबत एक खोका होता. खोक्यात तळहाताएवढ्या स्टीलच्या पट्ट्या, चारी कोपऱ्यांना खिळ्यांची भोकं, सगळ्या बफिंग करून लखलखीत.

"काका, बडी पार्टी आहे," हितेश म्हणाला. "तीनशे पीस. इंग्लिशमध्ये लिहायचंय, 'फवारणी पंपाचे सुटे भाग', आणि खाली आफ्रिकेतल्या एका फार्मचं नाव. हे काम झालं ना, की दुकान कुठल्या कुठे जाईल!"

गुणवंतरावांनी एक पट्टी घेतली. कामाआधी ते वहीचा कागद वस्तूवर ठेवून पेन्सिल घासत आणि आकार उतरवून घेत, म्हणजे अक्षरं कशी बसवायची ते कळतं. तसा त्यांनी घेतला. मग सवयीने पट्टी उजेडाकडे धरली आणि वाफ सोडली.

जुनी अक्षरं वर आली. काही त्यांना न कळणाऱ्या लिपीतली, एक लांबलचक नंबर, आणि स्पष्ट वाचता येणारं 'एटी वन एम. एम.' त्यांनी कागदावरही पाहिलं. पेन्सिलीखाली तीच अक्षरं फिकट पांढरी उमटली होती.

"हे आधी कशावर होतं?"

"पुराना माल है," सफारीवाला म्हणाला. "आप लिखो ना."

"लिहितो. कोणाकडून?"

"पार्टी से."

"कोणाला?"

"दूसरी पार्टी को."

"कशाप्रीत्यर्थ?"

सफारीवाल्याने हितेशकडे पाहिलं. "ये क्या पूछ रहा है? शादी है क्या?"

"बारसं असलं तरी चालेल," गुणवंतराव म्हणाले. "पण सांगा. आणि तारीख?"

"तारीख नहीं चाहिए. एक भी नहीं."

गुणवंतरावांनी मशीन खाली ठेवलं. नऊ वर्षांत त्यांना तारीख नको म्हणणारा कुणी भेटला नव्हता. भांडणात सापडलेल्या नवरा-बायकोंनीसुद्धा लग्नाची तारीख घालून घेतली होती.

"पंपाचाच भाग असेल, तर त्यावरचं आधीचं नाव आणि माप कोण घासून काढतं हो?" त्यांनी विचारलं. "मला याचं उत्तर द्या, मी तीनशेच्या तीनशे फुकट घालून देतो."

सफारीवाल्याने पट्टी त्यांच्या हातातून काढून घेतली, खोका उचलला आणि गेला. हितेश लाल झाला होता.

"काका, तुम्ही पार्टी घालवली! कुणी विचारतं का असं?"

"सगळ्यांनी विचारायला पाहिजे."

"मग दुसरीकडे जाऊन विचारा. उद्यापासून ओटा मोकळा करा." आणि त्याने आत जाऊन वायर प्लगमधून काढली.

मशीनचा लाल दिवा विझला. गुणवंतराव म्हणतात, त्यांना त्या क्षणी पहिल्यांदा कळलं, की आपल्या सगळ्या तोऱ्याला दुसऱ्याच्या दुकानातली वीज लागत होती. स्टूल एका हातात, मशीनची पिशवी दुसऱ्या हातात घेऊन ते शेअर रिक्षात बसले. रिक्षावाल्याने स्टुलाची जागा अडते म्हणून कुरकुर केली, तेव्हा ते म्हणाले, "याला आता बसायला दुसरी जागा नाही."

घरी मनोरमावहिनींनी सगळं ऐकून घेतलं. "तुम्ही चार विचारलेत," त्या म्हणाल्या. "पाचवा मी विचारते. उद्या काय?"

पेपरातला तो खोट्या दाखल्याचा लेख आठवून गुणवंतरावांनी वही घेतली आणि मला सोबत घेऊन ते पोलीस चौकीत गेले. हवालदाराने कागद पुढे ओढला आणि पेन उघडलं.

"तक्रार कोणाकडून?"

गुणवंतरावांनी माझ्याकडे पाहिलं. चेहरा खुलला.

"कोणाविरुद्ध? कशाबद्दल? तारीख आणि वेळ?"

"बघा," ते मला म्हणाले, "शिकलेला माणूस आहे."

सफारीवाल्याचं नाव त्यांना माहीत नव्हतं. पण वहीतला कागद त्यांनी टेबलावर ठेवला. पेन्सिलीच्या काळ्या घासण्यातून वर आलेला तो पांढरा नंबर पाहून हवालदार आत गेला. आतून एक अधिकारी आले. त्यांनी कागद दोनदा पाहिला, फोन लावला आणि गुणवंतरावांना स्वतः खुर्ची दिली. स्टूल सोडून त्यांना मिळालेली ती पहिली खुर्ची.

त्यानंतरचे बावीस दिवस वाईट गेले. सकाळी साडेनऊला ते इस्त्रीचा शर्ट घालून तयार होत आणि मग कुठे जायचं नाही हे आठवून खिडकीपाशी बसत. दोन दुकानांत त्यांनी विचारून पाहिलं. एकाकडे ओटा होता, प्लग नव्हता. दुसऱ्याने सांगितलं, "काका, तुम्ही फार विचारता असं ऐकलंय." वहिनींनी घरातल्या प्रत्येक भांड्यावर नाव घालून घेतलं, फक्त मशीन चालू राहावं म्हणून. आमच्या इमारतीत सांडशीवरही नाव असलेलं ते एकमेव घर.

तेविसाव्या दिवशी चौकीतून बोलावणं आलं. वहीतला नंबर बंदरावरच्या कागदांशी ताडून पोलीस एका भाड्याच्या गोदामापर्यंत पोहोचले होते. त्या पट्ट्या तोफगोळ्यांच्या पेट्यांवरच्या होत्या. एक्क्याऐंशी मिलिमीटर हे गोळ्याचं माप. पेट्यांवर शेतीची नवी नावं ठोकून त्या बोटीने जायच्या होत्या. कुठे, ते अधिकाऱ्यांनी सांगितलं नाही. एवढंच म्हणाले, "रेवाळे, या मालाने किती बंदरं ओलांडली माहीत नाही. कुठे तरी कुणी तरी तुमचा पहिला प्रश्न विचारला असता, तर तो भाईंदरला आलाच नसता." आणि कोर्टाचं होईपर्यंत कुठे बोलू नका, असं बजावलं. परातीचं गुपित पचवलेल्या माणसाला हे सांगायची गरज नव्हती. पण हितेशला चौकीत जबाबाला बोलावलं होतं, आणि हितेशला काहीही पचत नसे. संध्याकाळपर्यंत राजकोटला फोन गेला.

दुसऱ्या दिवशी रात्रभर प्रवास करून आलेल्या हंसाबेन सरळ पूनम सागरला आल्या. मागे मान खाली घातलेला हितेश.

"गुणवंतभाई, मारो ओटलो खाली केम छे?"

"तुमच्या पुतण्याने वायर काढली, बेन."

हंसाबेननी हितेशला दंडाला धरून पुढे ओढलं.

"काका, मला खरंच वाटलं पंप आहे," हितेश म्हणाला. "मी विचारलंच नाही."

"मग विचारायचं," गुणवंतराव म्हणाले. "त्यात लाज कसली? मी चमच्याला विचारतो."

"ए वायर हवे नहीं चाले," हंसाबेन म्हणाल्या. "दुकानातून वायर म्हणजे कोणी पण काढेल. ओट्यावरच अलग पॉइंट पाहिजे. हितेश लावेल. आजच."

आणि हितेशने लावला. भिंत फोडून, स्वतः सिमेंट भरून, बोटाला एकदा शॉक खाऊन. बोर्डावर स्टीलची चकचकीत पट्टी, त्यात एक प्लग, एक बटण. गुणवंतरावांनी स्टूल जागेवर ठेवलं, मशीन जोडलं, लाल दिवा लागला. मग त्यांनी त्या नव्या पट्टीवर हात ठेवला आणि हितेशकडे वळले.

"कोणाकडून?"

"काका, प्लीज."

"कोणाकडून?"

"...हितेशकडून."

"कोणाला?"

"गुणवंतकाकांना."

"कशाप्रीत्यर्थ?"

हितेशने बोटांवरचं सिमेंट पँटला पुसलं. खरं कारण घालता येत नव्हतं, कोर्ट बाकी होतं. खोटं कारण गुणवंतराव घालणार नव्हते. शेवटी तो म्हणाला, "ओटा परत दिल्याप्रीत्यर्थ."

"हे चालेल," गुणवंतराव म्हणाले. टर्रर्र सुरू झालं आणि हंसाबेनच्या गल्ल्याजवळची गिऱ्हाइकं बाहेर येऊन बघू लागली. मीही होतो. अक्षर त्यांनी साहेबांच्या कुकरपेक्षा मोठं काढलं आणि खाली, अगदी ठळक, तारीख.